दुसरा बघणारा

कारभारी पंपाचं सामान आणायला गेवराईला गेला होता. दुकानात चहा घेत असतानाच पुण्याहून पोराचा, सतीशचा, फोन आला.

"आबा, आई गोठ्यात पडलीय... उठता येईना तिला."

"तुला कुणी सांगितलं?"

"दिसतंय मला. जुन्या कॅमेऱ्यातून... आधी निघा तुमी."

कारभारी कप तसाच ठेवून निघाला.

तो कॅमेरा सतीशनंच शिकत असताना गोठ्यावर बसवला होता. थेट चित्र दाखवणाऱ्या वेबसाइटी तेव्हा नव्या निघाल्या होत्या. ऊसतोडीला गेलेली वस्तीची माणसं कारखान्याजवळच्या नेट कॅफेत गर्दी करून आपलं गाव बघत. इकडं मागं राहिलेले म्हातारे दिवेलागणीला एकेक करून कॅमेऱ्यापुढून जात, आणि शेवटी कारभाऱ्याची बायको केशरबाई दिवा ओवाळी. बघणाऱ्यांचा आकडा चित्राच्या कोपऱ्यात दिसे. पुढं ज्याच्या त्याच्या हातात व्हिडिओ कॉल आला. आकडा घटत घटत दोनवर आला. एक सतीश. दुसरा कोण, ते कधी कळलं नाही. मग वेबसाइटच बंद पडली. कारभाऱ्यानं कॅमेऱ्याची वायर तोडून त्या वायरीला शेळी बांधली. केशरबाईनं मात्र ओवाळणं सोडलं नाही. बघत असंल कुणी, म्हणायची. तो हसायचा.

रिक्षानं तो घरी पोचला तेव्हा ऊन उतरलं होतं. गोठ्यात शेणाचा ओला वास, अंधारात शेळीचं रवंथ. केशरबाई गव्हाणीपाशी आडवी होती.

"आलात व्हय... लई वाट बघितली."

तो तिथंच शेणात बसला आणि तिचा हात धरून रडला. मांडीचं हाड मोडलं होतं. रात्रभर तशीच पडून राहिली असती तर हाती लागली नसती, असं डॉक्टर म्हणाले.

ती दवाखान्यातून घरी येऊन बाजेवर पडली, तेव्हा सतीश फोनवर हळूच बोलला. त्या दिवशी लॅपटॉपवर त्या बंद वेबसाइटचं पान आपोआप उघडलं होतं, आता शोधूनही सापडत नव्हतं.

"आबा... कोपऱ्यात आकडा दोनच व्हता."

दिवे लागले. बाजेवरून केशरबाई म्हणाली, "कॅमेऱ्याला दिवा दाखवा की."

या खेपेला तो हसला नाही. शेळी त्याच वायरीला बांधलेली होती. वर, वायर नसलेल्या कॅमेऱ्यात, लाल दिवा लागला होता.

त्यानं सतीशच्या नावानं ओवाळलं. लाल दिवा तसाच.

कारभाऱ्यानं कॅमेऱ्याकडं बघितलं. तो हळूच म्हणाला, "आन्... तुमालाबी."

आणि पुन्हा ओवाळलं.

लाल दिवा विझला.