जोडलेलं पाडस

“पाडस मेलं, तर मेलंच दाखव. दुसरं आणून जोडू नकोस. शब्द दे.”

कॅमेरामनचं भावजींशी झालेलं हे शेवटचं बोलणं.

घडलं तसंच सांगतेय. रोजचा जप झाल्याशिवाय मी पाण्याचा घोट घेत नाही. खोटं बोलून कुठे फेडू?

माझे धाकटे दीर वन्यप्राण्यांच्या माहितीपटांचे एडिटर. बावीस वर्षं हेच काम. कॅमेरामन त्यांचा जिवलग. दलदलीत एका हरिणीचं शूटिंग करून तो परतला आणि आठवड्यात तापाने गेला.

हरिणीचं पाडस चिखलात रुतून मेलं होतं.

निर्माता म्हणाला, “रडका शेवट कोण बघणार, राव? उद्या फिल्म द्यायचीय. जमत नसेल तर दुसरा एडिटर बघतो.”

भावजींनी दिलेला शब्द मोडून दुसऱ्या कळपातलं पाडस जोडलं. आई वळते, पाडस धावत येतं. या धंद्यात असं सर्रास चालतं.

रविवार होता. दुपारचे दोन. बाहेरचा आवाज आत येणार नाही अशी ती खोली. भावजी एकटेच; हे त्यांनीच मला नंतर सांगितलं. फिल्म निर्मात्याला पाठवून त्यांनी शेवट पुन्हा लावला.

आई वळली...

समोर नुसतं गवत.

पुन्हा लावला. गवतच.

तिसऱ्यांदा हरिणीने मान वळवली... आणि थेट भावजींकडे बघत राहिली. एक मिनिट. दोन मिनिटं.

तो शॉट चार सेकंदांचा होता.

तेवढ्यात मी डबा घेऊन पोचले. “काय हो, तुमचे वाघसुद्धा वेळेवर जेवतात!”

भावजी हसले नाहीत. चेहरा पांढराफटक.

“वहिनी, यात पाडस दिसतंय?”

“नाही. गवत दिसतंय.” मी कान दिला. “पण भावजी... हा श्वास कुणाचा?”

कुणीतरी श्वास रोखून धरत होतं... हळूच सोडत होतं. कॅमेऱ्यामागे बसलेला माणूस सोडतो तसा.

भावजी पुटपुटले, “या शॉटला आवाजच नाहीये, वहिनी.”

फोन वाजला. निर्माता. “झकास! काय धावतंय पाडस! आता हात लावू नका हं.”

त्याला पाडस दिसत होतं.

आजही जपाला डोळे मिटले की तो श्वास कानाशी येतो. माळ हातातच राहते.

भावजींनी फोन उलटा ठेवला. डबा बाजूला सारला. खणातून कॅमेरामनचं मेमरी कार्ड काढलं... चिखलातल्या पाडसाच्या शूटिंगचं.

“नोकरी जाईल हो,” मी म्हटलं.

“जाऊ दे.”

त्यांनी खुर्ची पुढे ओढली आणि धावणारं पाडस कापायला घेतलं.