बारा मिनिटं उभा राहणारा माणूस

दार उघडंच होतं, तरी त्याने दोनदा टकटक केलं.

आरशासमोर आठ मुली एकदम उडी मारून जमिनीवर उतरल्या. त्यांच्या नृत्यशिक्षिकेने, द्वारकाने, हात वर करून त्यांना थांबवलं.

"चालू द्या तुमचं," तो दारातूनच म्हणाला. "मी फक्त बघायला आलोय, खाली माझा पंखा कशाने हलतोय ते."

"कळलं?" तिने विचारलं.

"कळलं. खाली पस्तीस जण स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करतायत. आणि मी त्यांना आज भूकंप शिकवत होतो."

"मग आभार माना. प्रात्यक्षिक फुकटात झालं."

तो हसला नाही. पण त्याचे डोळे हसले, आणि द्वारकाची पुढची मोजणी चुकली.

धम्मदीप साळवे खालच्या मजल्यावरच्या अभ्यासिकेत भूगोल शिकवायचा. येरवड्याहून वारज्यापर्यंत रोज स्कूटरने यायचा. सहाला त्याचा वर्ग संपतो, तोवर वर उड्या नाहीत, असं दोघांचं ठरलं. मग तो रोज सहाला वर येऊन सांगू लागला, "झालं. आता हादरवा."

आठवड्याभराने तो सांगून परत जायचंच विसरू लागला. भिंतीला टेकून, बाहीला खडूची पूड लागलेली... तो बघत बसायचा.

द्वारकाला एका जागी बसणं जमायचं नाही. लहानपणी सात वर्षं शिकलेलं भरतनाट्यम तिने सोडलं, ते मुंबईला आधुनिक नृत्य शिकायला. मग दिल्ली, मग कोची. प्रत्येक गावी ती शिकवायची, एखादं नृत्य बसवायची, आणि दोन वर्षं झाली की तिला भिंती जवळ आल्यासारख्या वाटायच्या. पुण्यात परतून आता पावणेदोन वर्षं झाली होती.

नोव्हेंबरात तिच्या नव्या नृत्याचा प्रयोग होता. त्यात एक पुरुष मधोमध उभा असतो आणि एक बाई त्याच्याभोवती येते, जाते, पुन्हा येते. प्रयोगाला नऊ दिवस असताना तिच्या जोडीदाराचा, चेतनचा घोटा मुरगळला.

"तुम्ही उभे राहाल?" तिने धम्मदीपला विचारलं.

"मला नाचता येत नाही."

"म्हणूनच. नाचणाऱ्याला गप्प उभं राहता येत नाही. बारा मिनिटं उभं राहायचं, श्वास घ्यायचा... आणि माझ्याकडे बघायचं नाही."

"पहिल्या दोन गोष्टी जमतील," तो म्हणाला.

तालमी सुरू झाल्या. ती त्याच्या खांद्यावर भार टाकून फिरायची, पाठीला पाठ लावून खाली घसरायची. तो जागचा हलायचा नाही. चौथ्या दिवशी 'तुम्ही'चं 'तू' झालं, कुणी आधी म्हटलं ते दोघांनाही आठवेना. घरी गेल्यावरही तिला तळव्याखाली त्याच्या छातीची धडधड जाणवत राहायची... आणि त्याने ती आणखीच अस्वस्थ व्हायची.

कारण एक गोष्ट तिने त्याला सांगितली नव्हती. बंगळूरच्या एका नृत्यसंस्थेने तिला वर्षभरासाठी बोलावलं होतं. प्रयोग रविवारी, सोमवारी तिला निघायचं होतं.

ते सांगून टाकलं पायलने, तिच्या विद्यार्थिनीने, जिन्यात. "सर, ताई बंगळूरला गेल्यावर आमचा क्लास कोण घेणार हो?"

त्या दिवशी तो नेहमीसारखा उभा राहिला. मध्येच द्वारका थांबली.

"आज तुझा श्वास वेगळा लागतोय."

"बंगळूर समुद्रसपाटीपासून नऊशे मीटर उंच आहे," तो समोर बघत म्हणाला. "हवा चांगली."

"मी सांगणार होते—"

"कधी?"

तिने पुन्हा त्याच्या पाठीला पाठ लावली.

"रविवारी येशील ना?" तिने हळूच विचारलं.

"शब्द दिलाय."

रविवारी सकाळी अकराला एरंडवण्यातलं छोटं नाट्यगृह भरलं होतं. बारा मिनिटं तो झाडासारखा उभा राहिला. शेवटी बाई डावीकडून निघून जाते, पुरुष एकटा उरतो आणि प्रकाश मावळतो, असं बसवलेलं होतं. द्वारका विंगेत गेली आणि तिने वळून पाहिलं.

तो तिच्याकडे बघत होता. मान वळवून, सरळ.

प्रकाशयोजनेवरचा माणूस गोंधळला, दिवे तसेच राहिले. एकदा सोडलेल्या रंगमंचावर द्वारकाने आजवर पुन्हा पाय ठेवला नव्हता. आज ती चालत परत गेली आणि त्याच्या शेजारी उभी राहिली. काहीच न करता. मग अंधार झाला आणि टाळ्या.

"तू हललास," बाहेर पायरीवर ती म्हणाली.

"हो."

"मला जा म्हणतोयस की थांब?"

"जा. इथे थांबलीस तर चार महिन्यांत चिडचिड करशील, आणि ती माझ्यावर करशील. मला महिन्यातून दोन शनिवार-रविवार सुट्टी असते. मी येईन."

द्वारका चपलेच्या बंदाशी खेळत राहिली.

"मला तू आवडतोस," ती म्हणाली. "हे मी नेहमी गाडी सुटल्यावर फोनवर सांगते. म्हणजे समोरच्याला काही करता येत नाही."

"मग आज का समोर?"

"तुला काही करता यावं म्हणून."

त्याने तिचा हात धरला. बाहेर येणाऱ्या लोकांसमोर, निवांत धरला.

तेवढ्यात त्याची आई, शालनताई, जिना उतरून आल्या. त्यांनी हातांकडे पाहिलं, मग द्वारकाकडे. "घरात साधं पाणी आणायला सांगितलं तर हा दहा मिनिटं लावतो. तुम्ही याला उभं करून टाळ्या घेतल्यात. चला, जेवायला घरी चला."

द्वारकाने नारायण पेठेत वडिलांना फोन लावला. माधवराव निवृत्त शिक्षक, मोजकं बोलणारे.

"बाबा, मी जेवायला नाही. येरवड्याला जातेय."

"काम आहे?"

"काम नाही. धम्मदीप साळवेंच्या घरी."

पलीकडे रेडिओ बंद केल्याचा आवाज आला. द्वारकाने फोन कानाशी घट्ट धरला. धम्मदीपच्या हातातला हात मात्र सोडवून घेतला नाही.

"चार वाजता त्यांना चहाला घेऊन ये," माधवराव म्हणाले. "उशीर नको. साडेचारला मी फिरायला जातो... पण आज नाही गेलो तरी चालेल."