मामाची दुमड

"आज बाबाला पकडायचंच!" चिमणी म्हणाली. "असंच बघत बसलो, तर सुट्टी संपेपर्यंत तो पार थकून जाईल."

ताई आणि तिचा भाऊ ठोंब्या सुट्टीला मामाकडे आले होते. चिमणी ही मामाची मुलगी, बारा वर्षांची आणि भलतीच फटकळ. आल्या दिवशी दार उघडणाऱ्या मामाला भावंडांनी ओळखलंच नव्हतं. गेल्या सुट्टीत काळेभोर असलेले त्याचे केस पांढरेफटक झाले होते. जिना चढताना तो मध्येच बसायचा आणि म्हणायचा, "उन्हाने होतं असं!" मोठ्या माणसांना धड थापासुद्धा मारता येत नाहीत!

मामा वेळेचा रफूगार होता. माणसाने त्याच्या टेबलावर तळहात ठेवला, की त्या माणसाच्या आयुष्याचं कापड तिथे पसरायचं. एखादी दुपार तापाने नाहीतर दुःखाने फाटून गेली असेल, तर तिथे भोक दिसायचं. मामा ते बुजवायचा आणि हरवलेली दुपार पुन्हा आठवू लागायची. धागा मात्र ज्याचा त्यालाच द्यावा लागे. कापडाच्या शेवटाला दुमड असते, तिच्यातून तो काढायचा. म्हणजे माणसाचे पुढचे दिवस तेवढे कमी!

काल म्हातारे पोस्टमनकाका आले होते. बायको गेली ती दुपार त्यांना आठवतच नव्हती. काम झाल्यावर ते डोळे पुसत जिना उतरले.

"तुझे बाबा देवमाणूस आहेत गं," ते चिमणीला म्हणाले. "पण रफू केलेली जागा हाताला गार लागते. असं होतं का?"

चिमणीचा चेहरा पडला. आपला धागा आपल्याला गरम लागतो, हे रफूगाराच्या घरातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

"म्हणजे तो धागा त्यांचा नव्हताच!" ताई म्हणाली.

"मग कुणाचा?" ठोंब्याने विचारलं.  चिमणी रात्रभर कूस बदलत राहिली.

मामाच्या माडीवरच्या कारखान्यात एका कोपऱ्याला रफूतून उरलेल्या धाग्यांच्या गोण्या होत्या. एकेक टोक जेमतेम दोन-चार दिवसांचं. कुठलं कुणाचं ते शोधून परत जोडायला फार वेळ जातो, म्हणून सगळे रफूगार टोकं कापून फेकून देतात. चिमणीने वरचा, काल पोस्टमनकाकांच्या रफूतून उरलेला एक तुकडा मुठीत घेतला.

"मामा, डोळे मिट! वस्तू ओळखायची आहे," ताई म्हणाली.

"अरे, कामं पडलीत मला!"

"एकच डाव!"

ठोंब्याने त्याच्या तळहातावर बटण ठेवलं.

"बटण."

ताईने खडू ठेवला.

"खडू. बास आता!"

चिमणीने धागा ठेवला.

"हा तर गरम..." मामा म्हणाला आणि त्याने खाडकन डोळे उघडले.

चिमणीने त्याचा हात धरून टेबलावर दाबला. कापड पसरलं. त्याच्या टोकाला दुमड अशी उरलीच नव्हती, नुसती किनार होती.

"एक बोट म्हणजे एक वर्ष, तूच शिकवलंस ना? मग हे किती?"

"शाळा सुरू होईपर्यंत पुरेल," मामा खाली बघत म्हणाला.

दारात मामी उभी होती. तिच्या हातातली कपबशी खाली पडली. "आणि मला एका शब्दाने सांगितलं नाहीत?"

"ही म्हातारी माणसं येतात. त्यांच्या दुमडीत काही उरलेलंच नसतं. नाही म्हणवत नाही गं. थोडं थोडं करता करता..."

"त्यांना नाही म्हणवत नाही, आणि आमचं काय?" चिमणी ओरडली आणि हुंदके देऊन रडायला लागली.

ठोंब्या मात्र गोणीकडे टक लावून बघत होता. "मामा, यात तुझीही टोकं आहेत?"

"असतील. टाकाऊ आहेत ती. कोण जोडत बसणार? कुणाला एवढा वेळ आहे?"

"आम्हाला!" ठोंब्या उडालाच. "आम्हाला सुट्टी आहे!"

मामा बघतच राहिला. सवयीने त्याने स्वतःचा धागाही केरात टाकला होता!

मग मामाला खाटेवर झोपवलं. ताई एकेक टोक त्याच्या तळहातावर ठेवायची. गरम म्हणाला, की चिमणी गाठ मारायची आणि मामी ते दुमडीत ओवायची. कळल्यावर पोस्टमनकाकाही धावत आले आणि चष्मा पुसत गोणीपाशी बसले. रंग बघून टोकं वेगळी करताना ते म्हणाले, "जन्मभर हेच केलं, ज्याचं त्याला पोचवलं."

"गाठी टोचतील रे!" मामा कुरकुरला.

"टोचू देत!" चौघं एकदम ओरडले.

अख्खी सुट्टी त्यात गेली. पोरं एकदाही पोहायला गेली नाहीत. शेवटच्या गोणीचा तळ लागला, तेव्हा ताईने दुमडीवर बोटं ठेवली. चार बोटं भरली. मामाचे केस मात्र पांढरेच राहिले.

"शाबास रे पोरांनो!" पोस्टमनकाका म्हणाले. मामीने तिघांना जवळ घेतलं.

चिमणी तिच्या मिठीतून सुटली. तिने खिळ्यावरची मामाची धागा कापायची कात्री काढून दप्तरात टाकली. "आता ही माझ्याकडे मागायची. आणि बाबा, चार वर्षांनी मी किती वर्षांची असेन?"

"सोळा," मामा कसाबसा म्हणाला.

"मग तेवढ्यात मला सगळं काम शिकव," चिमणी म्हणाली आणि टेबलाशी स्टूल ओढून बसली. "आत्तापासून."