येळवशीला पूनम

नव्या पेठेतल्या आपल्या चष्म्याच्या दुकानात गुरुशांत दिवसभर लोकांना एकच प्रश्न विचारायचा, "आता स्पष्ट दिसतंय का?" बायको जाऊन वर्ष होत आलं, तरी त्या आवाजात काडीचा फरक पडला नव्हता. मातीच्या वेळी तो रडला नाही, नंतरही नाही. नातेवाईक म्हणाले, घट्ट काळजाचा माणूस. तसं काही नव्हतं. दाताच्या डॉक्टरनं सुई दिल्यावर गाल जसा आपला राहत नाही, तसं त्याचं सगळंच झालं होतं.

भीती एकाच गोष्टीची वाटायची. पूनमचा चेहरा आठवेनासा झाला होता. सरळ आठवायला गेलं की पुसून जायचा. गिऱ्हाइकाचा नंबर तपासताना, लक्ष भलतीकडे असताना, मात्र तिच्या गालावरचा तीळ क्षणभर दिसून जायचा. फोटो बघून उपयोग नव्हता, ती फोटोतली कुणीतरी बाई वाटायची. असंच चाललं तर थोड्या दिवसांनी आपल्याकडे तिचं काहीच उरणार नाही, हे त्याला स्वच्छ कळत होतं.

म्हणून मेहुणा बसू येळवशीचं जेवायला बोलवायला आला, तेव्हा गुरुशांतनं नाही म्हटलं नाही. मार्गशीर्षातल्या त्या अवसेला कुंभारीच्या रानात जेवायचं आणि अंधार पडला की दुर्बीण लावायची, हा त्याचा जुना नेम. कोरडं आभाळ, चंद्राचा पत्ता नाही. बायकोच्या नावावरून त्याची ठरलेली थट्टा असायची, "पूनम असली की तारे दिसत नाहीत. तू आपली घरी थांब." आणि ती हमखास यायची.

दुपारी कडब्याच्या कोपीत पूजा झाली. भज्जी, बाजरीचे उंडे, मडक्यातलं आंबील. सगळ्यांनी आग्रह केला, तो जेवला. चव आली नाही. दिवस मावळला तसा बसूनं घरच्यांना ट्रॅक्टरवर बसवलं.

"ह्यास्नी सोडतो आन् तुमाला न्यायला येतो, दाजी. एकटं ऱ्हाताय न्हवं?"

"राहतो की."

"आक्का असती तर..." बसूनं वाक्य तिथंच टाकलं आणि ट्रॅक्टर सुरू केला.

अंधार चांगला दाटल्यावर गुरुशांतनं दुर्बीण देवयानी तारकासमूहाकडे वळवली. तिथं एक मोठा पांढुरका डाग आहे आणि त्याला चिकटून एक चिमुकला. पूर्वी दोघांनाही तेजोमेघच म्हणायचे, पुढे कळलं की त्या आपल्या आकाशगंगेसारख्या दूरच्या वस्त्या आहेत. चिमुकला डाग शोधला ल जांती नावाच्या फ्रेंच माणसानं. हाच गडी पुढे सूर्यावरून जाणारा शुक्र बघायला पाँडिचेरीला आला. नेमके ढग आले. अकरा वर्षांनी हात हलवत घरी पोचला, तर वारसांनी त्याला मेला समजून वाटण्या सुरू केल्या होत्या. पूनमला ही गोष्ट फार लागली होती. "काय माणसं म्हणायची! गेलेला परत आला तर आधी जेवायला वाढावं, मग विचारावं, कुठं होतास."

भिंगात डाग दिसला नाही. त्यानं भिंग पुसलं. तरी नाही. असलं मंद काही सरळ बघून दिसत नाही, हे तो नवख्यांना नेहमी सांगायचा. अंधारातलं डोळ्याच्या कडेला दिसतं, तेव्हा नजर जरा बाजूला न्यायची आणि बघून न बघितल्यासारखं करायचं. पूनम त्याला कानाडोळा म्हणायची. त्यानं कानाडोळा केला. चिमुकला नाही आणि मोठाही नाही. भिंगातलं आभाळ राखेच्या रंगाचं झालं होतं, पौर्णिमेला होतं तसं.

त्यानं डोळा बाजूला घेतला. कृत्तिकांच्या पुंजक्यातले दोनतीन ठिपके कसेबसे उरले होते. सोलापूरचा उजेड पश्चिमेला होता, नेहमीएवढाच. पण समोरच्या ज्वारीची पानं वेगवेगळी दिसत होती. एकेका धाटाला सावली होती.

त्यालाही होती. पायापासून निघून समोर ज्वारीत शिरलेली.

खिशातला फोन वाजला. बसू होता.

"दाजी, ट्रॅक्टरचा दिवा गेलाय, पन निघालोय. चांदनं लई पडलंय की, वाट समदी दिसतीय."

"बसू, आज येळवस आहे."

पलीकडे ट्रॅक्टर बंद झाला.

"व्हय की," बसू हळू म्हणाला. "मग ह्ये काय हाय, दाजी?"

गुरुशांतनं फोन खिशात ठेवला.

उजेड मागून, कोपीकडून येत होता. बघायला त्यानं मान वळवली, तशी समोरची सावली फिकी झाली. मान सरळ केली, पुन्हा गडद झाली. मग त्यानं वळायचा नाद सोडला.

घाबरायला हवं, हे त्याला कळत होतं. पण भीती यायच्या जागी काही नव्हतं. डाव्या डोळ्याच्या कडेला एक तीळ दिसला. मग गाल. मग कपाळ. मग सगळा चेहरा, तिचाच.

तो पाठमोराच मागे सरकत कोपीपाशी गेला. चाचपडत ताट ओढलं, उरलेली भज्जी वाढली, उंडा ठेवला, वाटीत आंबील ओतलं. ताट न बघता मागे सारलं.

हात पुढे घेऊन तो ज्वारीकडे तोंड करून उभा राहिला.

मग मागे ताट मातीवर घासलं.

"कुठं होतीस?" त्यानं विचारलं.

त्याची सावली हलली. पायाभोवती फिरत फिरत ती मागे गेली. उजेड त्याच्या शेजारून पुढे गेला होता आणि दुर्बिणीपाशी थांबला होता. तो जमिनीकडेच बघत राहिला.

दुर्बिणीला डोळा लावला की पूनमला श्वास रोखता यायचा नाही. भिंगावर वाफ धरायची आणि तो चिडायचा.

नजर बाजूला ठेवूनच त्यानं बघितलं. भिंगावर वाफ धरली होती. थंडीत ती कडेकडेनं विरत गेली. भिंग काळं, स्वच्छ झालं.

"आता स्पष्ट दिसतंय का?" त्याचा आवाज फाटला.

भिंगावर पुन्हा वाफ धरली.