कापून घेतलेला आवाज

सायकल दुरुस्तीच्या दुकानावर, पहिल्या मजल्यावर माझा स्टुडिओ आहे. खालून दिवसभर हातोडीचे ठोके येतात, म्हणून भिंतींना दुहेरी फोम लावून घेतलाय आणि दाराला रबराची कड. एवढा खटाटोप केल्यावर आत जी शांतता मिळते, तिच्यावर माझं पोट चालतं. गाणी रेकॉर्ड करायची, साफ करायची, नीट बसवायची. कानाला ऐकू येतं ते मशीनवर दिसलंच पाहिजे आणि दिसत नसेल तर ते नाहीच, असं मी इतकी वर्षं मानत आले.

त्या उन्हाळ्यात एका हिप-हॉप ग्रुपचा अल्बम माझ्याकडे आला. तिघं होते. शब्द लिहून रॅप करणारा थोरला. कुठल्याही विषयावर दोन्ही बाजूंनी भांडायचा म्हणून सगळे त्याला वकील म्हणत. त्याचा धाकटा भाऊ कातऱ्या. आणि त्यांच्या जोडीला रॅप करणारी मिरची, जिला हे नाव का पडलं ते पहिल्या पाच मिनिटांत कळायचं. अल्बमचा सगळा डोलारा सॅम्पल्सवर होता. जुन्या रेकॉर्डमधली एखादी सुरावट, एखादा ठेका, कुणाचं खाकरणं, असा तुकडा कापून घ्यायचा, तो गोल गोल फिरवत ठेवायचा आणि त्यावर रॅप करायचं. कापायचं काम धाकट्याचं. त्याचा हात इतका साफ होता की सांधा कुठे आहे ते मलाही सापडत नसे.

पहिल्या गाण्यात त्यानं एका जुन्या रेकॉर्डमधला ट्रम्पेट घेतला. तुकड्यात थोडी खरखर होती, म्हणून मी तीच रेकॉर्ड पुन्हा लावली. ड्रम वाजले, पियानो वाजला, ट्रम्पेटची जागा आली आणि कुणीच काही वाजवलं नाही. ड्रम आणि पियानो मागे चालू राहिले, कुणाची तरी वाट बघत असल्यासारखे.

"ताई, दुसरीच रेकॉर्ड लावली असशील," मिरची म्हणाली.

मी लेबल पाहिलं. भिंग लावून खाचा पाहिल्या. मग ओळखीच्या एका संग्राहकाला फोन करून त्याच्याकडची प्रत लावायला सांगितली. तो बराच वेळ ऐकत होता.

"ह्यात ट्रम्पेट नाहीच गं," तो म्हणाला. "पण होता असं वाटतंय खरं."

त्यानंतर दाराची पाळी आली. आमच्या जिन्याचं दार उघडताना लांबलचक कुरकुरायचं. कातऱ्याला तो आवाज आवडला, त्यानं तो रेकॉर्ड करून एका गाण्याच्या सुरुवातीला लावला. दुसऱ्या दिवशी मिरची माझ्या पाठीमागे येऊन उभी राहिली तरी मला पत्ता नव्हता. मी जिन्यात जाऊन बिजागरी पाहिली. गंज तसाच होता, बोट लावलं तर तांबूस पूड हाताला लागली. दार मात्र वाऱ्यासारखं उघडत होतं. खालच्या सायकलवाल्याला विचारलं, तेल घातलंत का? "दार तुमचं, तेल मी कशाला घालू?" म्हणाला.

मी तिघांना समोर बसवून सगळं सांगितलं. वकिलानं अर्थातच पुरावा मागितला. कातऱ्या हसला.

"बरंच आहे की, ताई. आपलं सॅम्पल आता दुसरं कुणी चोरायला नको."

मिरची तेवढी हसली नाही. तिनं आपली पाण्याची बाटली टेबलावर ठेवली, सावकाश, आवाज होतोय ना ते बघत.

शेवटच्या गाण्यासाठी त्यांना काहीतरी हळुवार हवं होतं. कातऱ्यानं घरून फोनवर रेकॉर्ड करून आणलं. त्यांची आई ओट्यापाशी लसूण सोलतेय, स्वतःशीच गुणगुणतेय, मग कडी वाजते आणि ती म्हणते, "आलास का रे?" शेवटचा ‘रे’ थोडा लांबवलेला, दिवसभराची काळजी त्यात सोडून दिल्यासारखा.

"हा आवाज कापू नकोस," मी म्हटलं.

"झाला कापून," तो म्हणाला.

पुढच्या आठवड्यात वकील एकटाच आला. आल्या आल्या वाद घातला नाही.

"आई मला अहो-जाहो करतेय," तो म्हणाला.

"थट्टा करत असेल."

"आलात का, बसा, म्हणाली. पाणी दिलं. मग आत दाराशी उभी राहिली, पाहुणा उठेपर्यंत बायका राहतात तशी."

"आणि धाकट्याला?"

"त्याला अरे-तुरेच. त्यानं रेकॉर्ड केलं त्या दिवशी दारातून मी आत येत होतो, ताई. ते ‘आलास का रे’ मला होतं."

डॉक्टरांना दाखवून झालं होतं. तिला सगळं आठवत होतं. त्याचा जन्म, त्याची शाळा, लहानपणी गुडघा फुटला होता ती जागासुद्धा.

"मी तिचा मुलगा आहे हे तिला माहीत आहे," तो म्हणाला. "माहीत आहे, एवढंच."

दुसऱ्या दिवशी दुपारी मी छोटा स्पीकर घेऊन त्यांच्या घरी गेले. जिथून घेतलं तिथेच नेऊन ऐकवावं, यापलीकडे मला काही सुचत नव्हतं. तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या, खिडकीत वाळणारे कपडे, घासून लख्ख केलेला ओटा. आई ठेंगणी, हसतमुख. मला "ये गं, बस" म्हणाली. वकिलाला म्हणाली, "तुम्हीही बसा ना."

कातऱ्यानं तुकडा लावला. गुणगुण, कडी, आणि मग ते तीन शब्द.

भाजी निवडणारे तिचे हात थांबले. तिनं मन लावून ऐकलं, पुन्हा लाव म्हणाली, पुन्हा ऐकलं.

"गोड आवाज आहे," ती म्हणाली. "मुलावर फार जीव दिसतो बाईचा."

जिन्यात कातऱ्याला रडू फुटलं. "पुसून टाकतो, दादा. आत्ताच्या आत्ता."

वकिलानं त्याचं मनगट धरलं.

"पुसलंस तर ती कुठे राहील?"

अल्बम शेवटच्या गाण्याशिवाय बाहेर आला. लोकांनी कौतुक केलं. कातऱ्यानं त्यानंतर कशालाही हात लावला नाही. तो तुकडा तेवढा माझ्या मशीनवर राहिला.

वकील दुपारी येऊ लागला. दिवे मंद करायचा, तुकडा फिरत ठेवायचा आणि स्पीकरसमोरच्या खुर्चीत बसायचा. मी माझं काम करायचे. गुणगुण, कडी, आलास का रे. गुणगुण, कडी, आलास का रे. सवय झाली होती.

एकदा तो उत्तरला. अगदी हळू.

"आलो गं."

तुकडा फिरून पहिल्यापासून सुरू व्हायला हवा होता.

झाला नाही.

पडद्यावरची रेघ तुकड्याच्या टोकाशी आली आणि पुढे सरकत राहिली. पुढे काही नव्हतं. आम्ही काही ठेवलेलंच नव्हतं.

स्पीकरमध्ये सुरी ओट्यावर ठेवल्याचा आवाज आला. कुणीतरी पदराला हात पुसले.

"हात धुऊन ये," ती म्हणाली. "वाढते."

मी वकिलाकडे पाहिलं. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही. तो उठला, बेसिनपाशी गेला, नळ सोडून दोन्ही हात नीट धुतले. मग परत आला आणि खुर्ची बाजूला सारून खाली जमिनीवर मांडी घालून बसला.