शेवटच्या खुर्चीतलं खाकरणं

आधीच सांगते, मी घाबरट नाही. वर्गात पाल निघाली तर मुलंसुद्धा मलाच हाका मारतात. तेव्हा हे मनाचे खेळ वगैरे म्हणू नका. हे घडलंय. माझ्यासमोर.

आणि रात्र-बित्र नव्हती. लख्ख दुपार होती.

माझी मावशी डॉक्टर आहे. तिचा छोटासा दवाखाना. बाहेर खुर्च्यांची एक रांग, आत तिची खोली, मध्ये काचेचं दार. परीक्षा संपल्यावर तिने मला बाहेरच्या टेबलावर बसवलं. काम सोपं. पेशंट आला की विचारायचं, "काय होतंय?" तो जे सांगेल त्याचा कोड कॉम्प्युटरवर निवडायचा, म्हणजे मावशीला आत दिसतो. खोकल्याचा वेगळा, पाठीचा वेगळा. एकटेपणालासुद्धा कोड असतो, माहितीये? तो झेडने सुरू होतो.

मावशीचा नियम एकच. मागच्या वेळचा कोड उचलून टाकायचा नाही. दर वेळी नव्याने विचारायचं.

थोड्याच दिवसांत माझी बोटं अशी चालायला लागली की मावशी म्हणाली, आता मलाच तपासशील तू. मी फुगून टम्म.

आणि मग झेडआजोबा.

हे नाव मीच ठेवलेलं. ते सारखे यायचे. कधी कान, कधी गुडघा, कधी झोप नाही. मावशी तपासायची, काही सापडायचं नाही, शेवटी झेड. एकटेच राहायचे ना. बोलण्याआधी दोनदा खाकरायचे, जणू भाषणालाच उभे राहिलेत. घरी मी त्यांची नक्कल करायचे. आई पोट धरून हसायची.

त्या दुपारी गर्दी नुकतीच ओसरली होती. मावशीचा डबा उघडायचा होता. आजोबा आले. टेबलाला धरून उभे राहिले.

खाकरले...

मी 'मागचंच' हे बटण दाबलं. झेड.

"बसा आजोबा, शेवटच्या खुर्चीत."

त्यांचं तोंड उघडंच राहिलं. क्षणभर तसेच उभे राहिले, मग जाऊन बसले.

मी मान वर केली तेव्हा खुर्ची रिकामी होती. कंटाळून गेले असतील, मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी शेजारचा औषधवाला सांगत आला. आजोबा घरी गेले, ते पुन्हा उठलेच नाहीत.

"काल काय म्हणाले होते गं ते?" मावशीने विचारलं.

"नेहमीचंच," मी म्हणाले.

किती पटकन म्हणाले मी.

त्यानंतर ती खुर्ची रिकामीच राहायला लागली. खच्चून गर्दी असली तरी. एक बाई कडेवर पोर घेऊन ताटकळत होती. मी म्हटलं, बसा ना तिथे. तिने खुर्चीकडे पाहिलं, पोराला घट्ट धरलं.

"नको. असू दे."

मग एका दुपारी, सगळे गेल्यावर...

खं... खं.

शेवटच्या खुर्चीतून.

तिथे कोणी नव्हतं. मी स्वतःला समजावलं, पंख्याचा आवाज.

पंखा बंद होता.

दुसऱ्या दिवशी पुन्हा. एक खुर्ची अलीकडून. मग त्याच्याही अलीकडून. रांग पुढे सरकते ना, तसं.

आणि मग अगदी माझ्या टेबलासमोर.

खं... खं.

माझी बोटं कीबोर्डवरच गोठली. तेवढ्यात आतून मावशीचा आवाज आला.

"कोण आलंय गं? विचार ना त्यांना."

म्हणजे तिलाही ऐकू आलं होतं.

मी हात उचलून मांडीवर ठेवले. कसंबसं म्हणाले,

"आजोबा... काय होतंय?"

काहीच नाही. फक्त टेबल किंचित हललं... कोणीतरी भार टाकावा तसं.

मी आत पळाले. मावशीच्या हातात घास होता. मी सगळं सांगून टाकलं. मी विचारलंच नव्हतं त्यांना. बटण दाबलं. तुझ्याशी खोटं बोलले.

ती ओरडेल असं वाटलं होतं. ओरडली असती तर बरं झालं असतं.

तिने घास डब्यात ठेवला. "मी काचेतून पाहिलं होतं त्यांना," ती हळू म्हणाली. "टेबलाला धरून उभे होते. पण समोर झेड दिसला... म्हटलं, आधी जेवून घेऊ."



बाहेर कोणीतरी खाकरलं.

आता शाळा सुरू झालीये. सुट्टीच्या दिवशी मी अजूनही त्या टेबलावर बसते. येईल त्याला विचारते, हात मांडीवर ठेवून, त्याचं बोलणं संपेपर्यंत. नक्कल सोडली. आई विचारते, काय झालं गं तुला?

दुपारी दवाखाना रिकामा झाला की ते येतात. मी विचारते. दर वेळी विचारते.

घसा साफ होतो...

आणि पुढचं वाक्य येतच नाही.