खारूची मैत्रीण

हिवाळ्यातल्या एका संध्याकाळी फोटोवाला दुकानाच्या दारावरचा बल्ब बदलायला स्टुलावर चढला होता. जुना बल्ब काही केल्या निघत नव्हता. एका हातात नवा बल्ब, दातांत पेचकस, वर बघून बघून मान आखडलेली. तेवढ्यात खालून कुणीतरी विचारलं,

"काका, आत येऊ?"

आठ-नऊ वर्षांची एक मुलगी उंबरठ्याच्या बाहेर उभी होती. थंडी मी म्हणत होती आणि हिच्या अंगात नुसता पातळ फ्रॉक. तरी कुडकुडत मात्र नव्हती. खारू आहे का, म्हणून तिनं विचारलं, तेव्हा फोटोवाल्याच्या तोंडातला पेचकस खाली पडला.

"अगं ये की! विचारायचं काय त्यात? कधीही ये. घर आपलंच आहे."

मुलगी हसली, उंबरठा ओलांडून आत गेली, आणि स्टुलावरच्या त्या माणसाला इतका आनंद झाला की बल्ब लावायचा राहूनच गेला.

आनंदाचं कारण सांगायला हवं. खारू ही त्याची एकुलती एक लेक. खरं नाव शाळेच्या दाखल्यापुरतं; लहानपणी घास गालात धरून बसायची म्हणून खारूताई, आणि पुढे नुसतीच खारू. बायको पाणीपुरवठा खात्यात इंजिनियर. तिची बदली लांबच्या धरणावर झाली होती आणि तिथल्या वसाहतीतली शाळा नावापुरतीच, म्हणून मुलगी बापाजवळ राहिली. शाळा सुटली की ती दुकानाच्या मागच्या खोलीत येऊन बसायची. त्या खोलीतच फोटो काढायचे. एक बाक, भिंतीवर रंगवलेला डोंगरांचा पडदा, छत्र्या लावलेले दोन दिवे आणि गिऱ्हाइकांसाठी ठेवलेली प्लास्टिकची फुलं. खारू त्या फुलांशी बोलायची. आधी एकाच्या आवाजात, मग दुसऱ्याच्या आवाजात. मधल्या दाराच्या पडद्याअलीकडे, दुकानात बसलेल्या बापाला सगळं ऐकू यायचं आणि समोरच्या गिऱ्हाइकाकडे बघून हसावं लागायचं.

त्या वर्षी वाढदिवसाला तिनं अख्ख्या वर्गाला बोलावलं. एकही पोर आलं नाही. बाप-लेक केक खात बसले. बापानं जमतील तेवढे विनोद केले, दोन नकला केल्या. मग फुगे फोडायची वेळ आली तेव्हा खारू म्हणाली, "आज राहू दे, बाबा. कुणी उशिरा आलं तर?"

तर अशा घरात ती मुलगी आली होती. तिचं नाव विचारलं तर खारू म्हणे, तिला सांगायला आवडत नाही. फोटोवाला तिला पाहुणी म्हणायला लागला.

पाहुणी अंधार पडला की यायची आणि तासभर बसून जायची. तिला येणारे खेळ फोटोवाल्यानं कधी पाहिले नव्हते. बोटांना दोरा गुंडाळून त्याच्या विहिरी आणि पाळणे करायचे, टाळ्या देत लांबच लांब ओळी म्हणायच्या. त्या ओळींतले निम्मे शब्द तर आता कुणाच्या बोलण्यातही राहिलेले नाहीत. खाऊ दिला तर ती हातात धरून ठेवायची आणि जाताना हळूच बाकावर ठेवून जायची. ती गेली की खोलीत एक वास रेंगाळायचा, गंजक्या नळाला तोंड लावून पाणी प्यायल्यावर येतो तसा. पण पडद्यामागून खारूचं खदाखदा हसणं ऐकू येत होतं. बापाला आणखी काय हवं होतं?

मग खारू सुकायला लागली.

आधी बाईंची तक्रार आली की ती वर्गात झोपते, घरी रात्री मोबाईल बघते का. डॉक्टरांनी खालची पापणी ओढून पाहिली, रक्त कमी आहे म्हणाले, टॉनिक लिहून दिलं आणि वर विचारलं की मुलीच्या जेवणाकडे कुणी बघतं का. बायकोनं फोनवर तेच विचारलं, फक्त जरा जास्त प्रेमानं. सगळ्यांच्या बोलण्याचा रोख एकच. पोरगी वाळतेय आणि बाप फोटो काढत बसलाय. फोटोवाल्यानं भाजी निवडली, वरण घोटलं, मांडीवर बसवून टॉनिकचा चमचा तोंडात घातला. खारू मुकाट्यानं गिळायची आणि दुसऱ्या दिवशी आणखी पांढरी दिसायची.

एकदा स्वेटर काढताना तिच्या कोपराच्या आतल्या बाजूला दोन लाल ठिपके दिसले, शेजारी शेजारी.

"काय झालं हे?"

"डास चावला."

"या थंडीत?"

"एकच होता," खारू म्हणाली आणि बाही खाली ओढून घेतली.

याच सुमाराला बायकोनं मैत्रिणीचा फोटो मागितला. एवढं कौतुक ऐकतेय तर दाखव तरी, म्हणाली. त्यानं दोघींना डोंगरांच्या पडद्यापुढे बसवलं. खारूनं पाहुणीच्या गळ्यात हात टाकला, गालाला गाल लावला. हसा म्हटल्यावर दोघी हसल्या. त्यानं फोटो काढला आणि कॅमेऱ्याच्या पडद्यावर पाहिलं.

बाकावर खारू एकटी होती. तिचा डावा हात हवेत तरंगत होता, बोटं कशावर तरी दाबून धरलेली. गाल एका बाजूनं चेपलेला, पण जिथं टेकून चेपला होता तिथं मागचे डोंगर दिसत होते.

त्यानं वर पाहिलं. दोघी बसलेल्या होत्या. परत फोटो काढला. लेन्स बदलली, कार्ड बदललं, दिवे सरकवले. कॅमेऱ्याला शिव्या घातल्या. शेवटी कपाटातून जुना रोलचा कॅमेरा काढला, त्यावर फुंकर मारली आणि अख्खा रोल संपवला. घामानं त्याचा सदरा पाठीला चिकटला होता.

"राहू द्या ना, काका," पाहुणी म्हणाली. तोतरं बोलणाऱ्या मुलाला सगळ्यांसमोर कविता म्हणायला लावल्यावर व्हावा तसा तिचा चेहरा झाला होता. "माझा कधीच नीट येत नाही."

रोल धुतला तेव्हा त्यातही ती नव्हती.

त्यानं बायकोला फोन केला. जे पाहिलं ते सांगितलं, शब्द सापडत नव्हते तरी सांगितलं. मग तिनं विचारलं की तू नीट झोपतोयस ना. त्यानं चिडून फोटोच पाठवला. तिचा निरोप आला, छान आलाय, पण एकटीलाच का बसवलंस? त्यानं फोन काउंटरवर असा आपटला की काचेला तडा गेला. डॉक्टरांकडे गेला तर त्यांनी त्याचाच रक्तदाब मोजला.

तरुणपणी त्यानं असले सिनेमे पुष्कळ पाहिले होते, मित्रांबरोबर, फिदीफिदी हसत. त्यांत रक्त पिणारा उंच असायचा, काळ्या झग्यात, लांब नखांचा. त्याचं काय करायचं हेही ठरलेलं असायचं. पण जीभ दातांत धरून दोऱ्याची गाठ सोडवत बसलेल्या मुलीचं काय करायचं असतं, ते त्यानं पाहिलेल्या कुठल्याच सिनेमात नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ऊन असतानाच त्यानं शटर ओढलं, आतून कुलूप घातलं, खिडक्यांच्या कड्या लावल्या. खारूला मागच्या खोलीत गृहपाठाला बसवलं आणि स्वतः शटरला पाठ लावून बसला. बाहेर दिवे लागले. रस्त्यावरच्या गाड्यांचा आवाज कमी होत गेला. शटरवर टकटक झाली नाही की पावलं वाजली नाहीत. आणि मग मागच्या खोलीतून टाळ्या ऐकू आल्या. दोन जोड्या हातांच्या.

पाहुणी बाकावर बसली होती.

"तू येऊ नयेस म्हणून मी बंद केलं होतं," तो म्हणाला. त्याचा आवाज त्यालाच ओळखू येईना.

"पण काका... तुम्हीच म्हणाला होतात, कधीही ये."

"आता नको म्हणतोय."

"असं परत नाही घेता येत..." ती म्हणाली. तिच्या बोलण्यात धमकी नव्हती. खेळातला नियम माहीत नसलेल्याला समजावून सांगावा तसं ती सांगत होती. "खारू नको म्हणाली तर मात्र मी जाईन."

तो खारूकडे वळला. सांग तिला, म्हणाला. खारूनं मान हलवली. तो पुन्हा म्हणाला, समजावून म्हणाला, मग ओरडून म्हणाला. ती वहीच्या कोपऱ्याची सुरळी करत राहिली.

"ती तुझं रक्त पिते, कळतंय का तुला?"

"माहितीये."

"मग?"

"ती विचारून घेते, बाबा." खारूनं पहिल्यांदाच वर पाहिलं. "रोज विचारते. दुखलं तर थांबते. वर्गात माझा डबा घेतात, पेन्सिल घेतात, बसायची जागापण घेतात. कुणी विचारत नाही."

फोटोवाल्यानं प्लास्टिकच्या फुलांची परडी उचलली आणि भिंतीवर फेकली. ती काही फुटली नाही, नुसती घरंगळत परत त्याच्या पायाशी आली. या घरात काहीच त्याच्या मनासारखं होत नव्हतं. तो मटकन खाली बसला. मग त्यानं पाहुणीला विचारलं की आधीच्या मैत्रिणी कुठे आहेत.

"मोठ्या झाल्या," ती म्हणाली. "मोठ्या झाल्या की खेळत नाहीत. ओळखपण देत नाहीत. एक परवा रस्त्यात दिसली... काठी घेऊन चालत होती. मी हाक मारली तर पलीकडच्या बाजूला गेली."

तिनं नाक ओढलं. फोटोवाल्याला तिची भीती वाटत होती, आणि त्याच वेळी तिचं नाक पुसावं असंही वाटत होतं. याचाच त्याला सगळ्यात जास्त राग आला.

त्यानं दोघींना सांगून टाकलं की उद्या सकाळच्या बसनं आम्ही खारूच्या आईकडे चाललोय, कायमचे. खारू रडेल, हातपाय आपटेल, असं त्याला वाटलं होतं. तिनं फक्त एवढंच मागितलं की आम्हाला दोघींना एकटं बोलू दे. त्यालाही वाटलं, निरोप तरी घेऊ द्यावा. तो पडद्याबाहेर येऊन उभा राहिला.

आधी टाळ्या वाजल्या, सावकाश. मग कुजबुज. मग खारूचं हसू, दबलेलं, गुदगुल्या झाल्यासारखं. त्यानंतर काहीच नाही. गंजाचा वास पडद्याखालून बाहेर यायला लागला, रोजच्याहून उग्र. त्यानं हाक मारली. पुन्हा मारली. पडदा धरला तेवढ्यात खारू स्वतःच बाहेर आली, बाहीनं तोंड पुसत. रडली असेल, असं त्याला वाटलं.

"गेली ती," खारू म्हणाली.

खोली रिकामी होती. त्या खोलीला मागचं दार नव्हतं.

धरणाच्या वसाहतीत त्यांचं छान बस्तान बसलं. बायकोला आधी राग आला, मग आनंद झाला, मग दोन्ही एकदम. खारूच्या गालांवर महिन्याभरात लाली आली. तिथल्या डॉक्टरांनी रक्त तपासलं आणि हिला कशाला आणलंत म्हणाले. बायको म्हणाली, "बघितलंस? आई हवी होती तिला. बाकी काही नव्हतं." फोटोवाल्यानं ते मुकाट्यानं गिळलं. काय सांगणार होता? आपलं कुणी ऐकलं नाही, आणि आता ऐकवण्यासारखं काही उरलंही नाही.

वसाहतीतही खारूला मैत्रिणी झाल्या नाहीत. पण तिचं काही अडत नव्हतं. संध्याकाळी पायरीवर एकटीच बसायची, बोटांना दोरा गुंडाळून, कुणाची तरी वाट बघायला भरपूर वेळ असल्यासारखी. बापाला ते खुपायचं. एक दिवस न राहवून त्यानं कॅमेरा काढला आणि तिचा फोटो घेतला. घाबरतच त्यानं कॅमेऱ्याच्या पडद्यावर पाहिलं. पण ती स्वच्छ आली होती, डोळे, दात, गालांवरची लाली, सगळं जागच्या जागी. त्या दिवशी तो कित्येक महिन्यांनी डाराडूर झोपला.

उन्हाळा संपत आला तेव्हाची गोष्ट. रविवारी दुपारी बायको नेलकटर घेऊन बसली होती. स्वतःची नखं झाली, मग तिनं खारूचा हात ओढून मांडीवर घेतला. बघत राहिली.

"हिची नखं तूच कापतोस ना?" तिनं विचारलं.

"नाही. मला वाटलं, तू कापतेस."

"मी तर इथे आल्यापासून एकदाही..."

फोटोवाला जवळ आला. खारूचा हात बायकोच्या हातात होता, उबदार, गुबगुबीत. नखं गुलाबी आणि स्वच्छ, बोटांबरोबर नीट कापलेली. बस पकडायच्या आदल्या रात्री त्यानंच ती कापली होती, घाईघाईत. उजव्या अंगठ्याचं नख एका बाजूनं जास्त कापलं गेलं होतं, तेव्हा खारू हाय म्हणाली होती आणि त्यानं त्यावर फुंकर घातली होती.

ते अजून तसंच होतं, एका बाजूनं तिरकं.

"राहू दे ना, आई," खारू म्हणाली, आणि अलगद हात सोडवून घेऊन दोरा पुन्हा बोटांना गुंडाळू लागली.